हुकूम झाला, पुढे काय?

मंडळी, ‘कोर्टाचा अवमान’ म्हटलं की बहुतेकांना पेपरातल्या मोठ्या बातम्या आठवतात. कुणीतरी न्यायाधीशांबद्दल काही लिहिलं, बोललं आणि प्रकरण अंगाशी आलं. आपल्याकडे हे जुनं आहे. अहमदाबादच्या जिल्हा न्यायाधीशांचं एक पत्र गांधीजींनी ‘यंग इंडिया’त छापलं, तेव्हा मुंबई उच्च न्यायालयात त्यांच्याकडून माफीची अपेक्षा होती. त्यांनी ती मागितली नाही. मार्च १९२० मध्ये कोर्टाने कडक समज देऊन विषय संपवला. केरळचे माजी मुख्यमंत्री नंबुद्रीपाद यांचा हजाराचा दंड सर्वोच्च न्यायालयाने १९७० मध्ये पन्नास रुपयांवर आणला. वकील प्रशांत भूषण यांना २०२० मध्ये एक रुपया दंड झाला. याला कायद्यात फौजदारी अवमान म्हणतात. त्यावर माझी मतं आहेत आणि ती तिखट आहेत, पण आज मी त्याला हात लावणार नाही. या सभागृहातल्या बहुतेकांना त्या कलमाखाली नोटीस यायची शक्यता नाही.

तुमच्या घरापर्यंत येतो तो दुसरा अवमान, दिवाणी अवमान. तुम्ही पाच-सात वर्षं कोर्टाच्या पायऱ्या झिजवता, हुकूम तुमच्या बाजूने होतो, पेढे वाटता. आणि समोरचा माणूस, संस्था किंवा सरकारी खातं काहीच करत नाही. वकिलाला फोन केला की वकील म्हणतो, ‘कंटेम्प्ट टाकू.’ हे वाक्य आमच्या धंद्यात फार सहज बोललं जातं, आणि पक्षकाराला वाटतं की आता तिकडचा साहेब जेलमध्ये जाणार आणि आपले पैसे खात्यात जमा होणार. सहसा यातलं पहिलं होत नाही. दुसरं झालं तर होतं, पण वेगळ्या वाटेने. ती वाट कशी जाते, ते सांगायला मी आलो आहे.

कायदा १९७१चा आहे. न्यायालयाचा निकाल, हुकूमनामा, निर्देश किंवा आदेश हेतुपुरस्सर न पाळणं, किंवा न्यायालयाला दिलेली हमी हेतुपुरस्सर मोडणं म्हणजे दिवाणी अवमान. या व्याख्येत सगळा जीव ‘हेतुपुरस्सर’मध्ये आहे. उशीर झाला, निधी आला नाही, हुकमाचा अर्थ दोन तऱ्हेने लागत होता, करायचं ते शक्यच नव्हतं, यातलं काहीही खरं निघालं तर अवमान होत नाही. आणि पुरावा जवळजवळ फौजदारी खटल्यासारखा पक्का लागतो, कारण शेवटी माणसाच्या स्वातंत्र्याचा प्रश्न असतो. आणखी एक गोष्ट पक्षकारांना पटवणं जड जातं. अवमानाचं प्रकरण हे कोर्ट आणि हुकूम मोडणारा यांच्यातलं असतं. तुम्ही फक्त खबर देणारे. कोर्टाला त्याला सोडून द्यावंसं वाटलं, तर ‘मला न विचारता कसा सोडला’ असं तुम्हाला म्हणता येत नाही.

आता एक उदाहरण घेऊ. ते कुणा एका व्यक्तीचं नाही, उच्च न्यायालयात रोज दिसणारं आहे. एक निवृत्त शिक्षिका. त्यांची वरिष्ठ वेतनश्रेणी अडकली, त्यामुळे पेन्शन कमी बसली. रिट याचिका केली. सरकारी वकील उभे राहिले, म्हणाले की बाईंचा अर्ज प्रलंबित आहे, त्यावर विचार करू. कोर्टापुढे त्या दिवशी साठ-सत्तर प्रकरणं. हुकूम झाला: ‘प्रतिवादींनी याचिकाकर्तीच्या अर्जावर कायद्यानुसार, शक्यतो आठ आठवड्यांत, निर्णय घ्यावा. याचिका निकाली.’ वकिलाने फोनवर सांगितलं, बाई, जिंकलो.

काय जिंकलो? ते वाक्य परत वाचा. ‘निर्णय घ्यावा’ म्हटलं आहे, ‘लाभ द्यावा’ म्हटलेलं नाही. दहाव्या आठवड्यात पत्र येतं: ‘आपला अर्ज नियमात बसत नसल्याने अमान्य करण्यात येत आहे.’ झालं हुकमाचं पालन! तुम्ही अवमान याचिका केलीत तर कोर्ट म्हणेल, त्यांनी निर्णय घेतला आहे, तो चुकीचा वाटत असेल तर नव्याने आव्हान द्या. आणि ते बरोबर असेल, कारण अवमानाच्या प्रकरणात मूळ हुकमाच्या चार भिंतींबाहेर जाता येत नाही. मूळ हुकमात व्याज नसेल, तर अवमान याचिकेत व्याज मिळत नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे इतक्या वेळा सांगितलं आहे की आता त्यावर वाद घालणारा वकीलच पक्षकाराचा वेळ खातो. शिवाय त्या ‘शक्यतो’कडे लक्ष द्या. त्या एका शब्दाने आठ आठवड्यांची मुदत मऊ करून टाकली.

म्हणून माझं म्हणणं असं की अवमान याचिकेचं यशापयश ठरतं ते ती दाखल करताना नव्हे, मूळ हुकूम लिहिला जातो त्या पाच मिनिटांत. न्यायमूर्ती हुकूम सांगत असतात, लघुलेखक टिपून घेत असतो, त्या वेळी वकिलाने नम्रपणे उभं राहून म्हणायला हवं: ‘साहेब, कोणी करायचं ते पदनामासकट यावं. कधीपर्यंत, ती तारीख यावी. रक्कम किती किंवा कोणत्या तारखेपासून, ते यावं. आणि अर्ज नाकारला तर कारणं द्यावीत, हेही यावं.’ यात कुणाला राग यायचं कारण नाही. जो हुकूम कचेरीतल्या कारकुनाला वाचून कळत नाही, त्याचा अवमान सिद्ध करणं महाकठीण.

आता दुसऱ्या बाजूने पाहू, कारण तिथेही माणसं बसलेली असतात आणि त्यातली बरीचशी दुष्ट नसतात. समजा, हुकूम नीट, ‘लाभ द्यावा’ असाच झाला. त्याची प्रत कार्यालयात येते. टपालात नोंद होते, आवक क्रमांक पडतो. मुंबई उच्च न्यायालयाच्या बऱ्याच हुकमांच्या शेवटी एक ओळ असते, की सर्व संबंधितांनी या आदेशाच्या अधिप्रमाणित प्रतीवरून कार्यवाही करावी. म्हणजे नक्कल विभागाच्या प्रमाणित प्रतीसाठी थांबायचं नाही. तरी कार्यासनावरची पहिली टिपणी हमखास अशी असते: ‘प्रमाणित प्रत प्राप्त झाल्यावर सादर करावे.’ ती मिळाली की दुसरी टिपणी: ‘सदर निर्णयाचा परिणाम अन्य समान प्रकरणांवर होण्याची शक्यता असल्याने अपील करावे किंवा कसे, याबाबत विधी व न्याय विभागाचे अभिप्राय घ्यावेत.’ फाईल तिकडे जाते. तिकडून प्रश्न येतो, वित्त विभागाची सहमती आहे का. फाईल तिकडे जाते. तेवढ्यात ज्या अधिकाऱ्याने विषय समजून घेतला होता त्याची बदली होते. आठ आठवडे केव्हाच उलटलेले असतात, अपिलाची मुदतही उलटते, आणि या सगळ्या काळात एकाही माणसाने ‘मी हुकूम पाळणार नाही’ असं लिहिलेलं नसतं. प्रत्येकाने फक्त फाईल पुढे सरकवलेली असते. अवमान झाला आहे, हे दिसतं. तो केला कुणी, हे सापडत नाही.

आणि मग अवमान याचिका दाखल होते. ती मूळ याचिकेसारखी पदनामावर भागत नाही. पदनामाला तुरुंगात घालता येत नाही ना! त्यामुळे माणसाचं नाव लिहावं लागतं. ज्या दिवशी नावाने नोटीस येते, त्या दिवशी तीच फाईल जिवंत होते. ती हातात घेऊन माणसं जिने चढतात. सहा महिने वित्त विभागात पडलेला कागद दुपारी चारपर्यंत सही होऊन परत येतो. सुनावणीच्या आदल्या संध्याकाळी शिक्षिकाबाईंच्या खात्यात रक्कम जमा. दुसऱ्या दिवशी सरकारी वकील सांगतात, आदेशाचं पालन झालं आहे, झालेल्या विलंबाबद्दल बिनशर्त माफी. कोर्ट माफी नोंदवतं, याचिका निकाली. मघाशी जी वेगळी वाट म्हटली, ती हीच. बाईंना पैसे मिळाले याचा मला आनंद आहे, पण नोटीस येईपर्यंत हुकूम पाळायचा नाही, ही सवय या वाटेनेच पक्की झाली आहे. माझ्या मते तरी आदेशाची खरी मुदत कार्यालयांनी ‘अवमानाची नोटीस मिळेपर्यंत’ अशीच धरून ठेवली आहे.

कधीकधी मात्र गाडी त्यापलीकडे जाते. महाराष्ट्रातलंच प्रकरण आहे आणि ते सगळ्यांनी लक्षात ठेवावं असं आहे. तमिळनाडूतल्या गुडलूरच्या जंगलतोडीवरून १९९५ मध्ये सुरू झालेल्या, गोदावर्मन नावाने ओळखल्या जाणाऱ्या याचिकेत सर्वोच्च न्यायालयाने देशभराच्या जंगलांबद्दल आदेश दिले. ४ मार्च १९९७च्या आदेशाने महाराष्ट्रातल्या विनापरवाना लाकूड गिरण्या आणि प्लायवूडचे कारखाने ताबडतोब बंद करायला सांगितले. नंतर, न्यायालयाने नेमलेल्या केंद्रीय समितीच्या पूर्वपरवानगीशिवाय असे कारखाने उघडू द्यायचे नाहीत, असंही आलं. तरीही आपल्या राज्यात काही कारखान्यांना परवानगी दिली गेली. प्रकरण कोर्टाच्या नजरेला आणून दिल्यावर तत्कालीन वनमंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना नोटीस निघाली. दोघांनी माफी मागितली. मे २००६ मध्ये कोर्टाने ती नाकारली आणि दोघांना एक महिन्याची साधी कैद सुनावली. नाईक तेव्हा मंत्रिमंडळातच होते, त्यांना पद सोडावं लागलं.

या निकालातला मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो तो भाग फाईलचा. मंत्री म्हणणार, अधिकाऱ्यांनी जसं मांडलं तसं मी मान्य केलं. सचिव म्हणणार, निर्णय वरच्या पातळीवर झाला. कोर्टाने टिपण्या वाचल्या आणि कुणाला काय माहीत होतं, कुणी काय डोळ्यांआड केलं, ते कागदावरूनच ठरवलं. मघाशी मी म्हटलं की फाईलमध्ये करणारा सापडत नाही. पण एखाद्याने बसून प्रत्येक टिपणी तारखेसकट वाचायची ठरवली, तर सापडतो. रोजच्या प्रकरणांत तेवढा वेळ कुणाकडे नसतो, एवढंच. इथे सरकारी नोकरीतले पुष्कळ जण दिसतात, त्यांना सांगतो: हुकूम पाळायला सांगणारी तुमची एक स्पष्ट टिपणी फाईलवर असू द्या. ‘आदेशाची मुदत अमुक तारखेस संपते, स्थगिती नाही, पालन आवश्यक.’ या एका ओळीसाठी कुणी तुमची वेतनवाढ रोखणार नाही, आणि उद्या वेळ आली तर तीच ओळ तुम्हाला वाचवील.

माफीबद्दल दोन शब्द. अवमान कायद्याचं कलम १२ म्हणतं की न्यायालयाचं समाधान होईल अशी माफी मागितली तर शिक्षा माफ होऊ शकते, आणि माफी प्रामाणिक असेल तर ती सशर्त आहे एवढ्याच कारणाने नाकारायची नाही. कायदा इतका उदार आहे. त्यामुळे प्रतिज्ञापत्राचा पहिला परिच्छेद साच्यातून काढल्यासारखा असतो: ‘मला या माननीय न्यायालयाबद्दल नितांत आदर आहे आणि आदेशाचा अवमान करण्याचा विचार माझ्या मनाला स्वप्नातही शिवलेला नाही.’ त्याखाली बावीस परिच्छेद असतात, हुकूम मुळात कसा चुकीचा होता याचे. ही माफी कोर्टाला कळत नाही असं समजू नका. पुण्याजवळच्या पाषाणच्या एका जमिनीचं प्रकरण २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयात गाजलं. एका कुटुंबाने १९५० मध्ये घेतलेली जमीन सरकारने १९६३ मध्ये ताब्यात घेतली, ती संरक्षण खात्याच्या संस्थेकडे गेली. बदल्यात पुढे दिलेली जमीन वनजमीन निघाली. भरपाईचा हिशेब मागितल्यावर राज्याच्या प्रतिज्ञापत्रात अशा अर्थाचं वाक्य आलं की कायद्यानुसार केलेली गणना अर्जदाराला आणि न्यायालयालाही कदाचित मान्य होणार नाही, पण कायदा पाळणं हे राज्याचं कर्तव्य आहे. म्हणजे कोर्ट कायदा पाळत नाही, असंच की! त्या वाक्यावरून अपर मुख्य सचिवांना अवमानाची नोटीस गेली आणि त्यांना माफी मागावी लागली. असा मसुदा वाचल्याशिवाय सही करणारे अधिकारी मंत्रालयात कमी नाहीत.

आता एक मोठा गैरसमज. ‘आम्ही अपील केलं आहे, त्यामुळे हुकूम पाळायची गरज नाही.’ साफ खोटं. दिवाणी प्रक्रिया संहितेत, ऑर्डर ४१ नियम ५ मध्ये, स्वच्छ लिहिलं आहे की नुसतं अपील केल्याने स्थगिती मिळत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते आणि ती मिळेपर्यंत हुकूम जिवंत असतो. हां, वरच्या कोर्टात स्थगितीचा अर्ज खरोखर प्रलंबित असेल, तर अवमानाचं कोर्ट थोडं थांबतं, आणि ते योग्य आहे. पण अर्ज दाखल करून, त्यावरच्या हरकती न काढता तो वर्षभर तसाच कुजत ठेवायचा आणि इकडे ‘मॅटर पेंडिंग’ म्हणायचं, हा खेळ कोर्टांना पाठ झाला आहे.

त्याच्या पुढची पायरी म्हणजे ‘त्या कोर्टाला अधिकारच नव्हता, म्हणून मी हुकूम पाळला नाही.’ यावरचा निकाल मुंबईच्याच एका वादातला आहे, तय्यबभाई बगसरवाला विरुद्ध हिंद रबर इंडस्ट्रीज, १९९७. मालक आणि भाडेकरू यांच्यातला तंटा. सिटी सिव्हिल कोर्टाने मनाई हुकूम दिला. पुढे ठरलं की हा दावा ऐकायचा अधिकार सिटी सिव्हिल कोर्टाला नव्हता, तो लघुवाद न्यायालयाचा विषय. मग मधल्या काळात मनाई हुकूम मोडला त्याचं काय? सर्वोच्च न्यायालय म्हणालं, अधिकाराचा प्रश्न निकाली निघेपर्यंत तो हुकूम बांधील होता. नंतर अधिकार नव्हता असं ठरलं म्हणून मोडणारा सुटत नाही. विचार करा, उलट निकाल झाला असता तर काय झालं असतं. प्रत्येक प्रतिवादी स्वतःच न्यायाधीश होऊन ठरवता की हा हुकूम बरोबर आहे की चूक. भिंत पाडून झाल्यावर अधिकाराचा वाद घालत बसला असता.

हमीबद्दल जरा सविस्तर सांगतो, कारण यात साधी माणसं अडकतात. भाडेकरू शेवटपर्यंत हरतो. त्याचा वकील सांगतो, साहेब, म्हातारे आई-वडील आहेत, मुलं शाळेत आहेत, वर्षभराची मुदत द्या. कोर्ट म्हणतं, देतो, पण नेहमीची हमी द्या. नेहमीची हमी म्हणजे प्रतिज्ञापत्र: जागा माझ्याच ताब्यात आहे, दुसऱ्या कुणाला शिरकाव देणार नाही, भाडं भरत राहीन, आणि अमुक तारखेला रिकामा ताबा देईन. घरातल्या प्रत्येक सज्ञान माणसाची सही घेतात. सून सही करते, धाकटा भाऊ करतो. काय लिहिलं आहे, हे कुणी त्यांना वाचून दाखवत नाही. वर्ष संपतं आणि तो भाऊ म्हणतो, ‘मी नाही जात, माझा स्वतंत्र हक्क आहे.’ आता हा साधा हुकूमनामा नाही. तुम्ही कोर्टाला शब्द दिला आणि त्या शब्दावर वर्षभर राहिलात. हुकूमनाम्याची दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, करून ताबा मिळू शकतो, ही सबब इथे चालत नाही. रमा नारंग यांच्या, म्हणजे मुंबईच्या हॉटेल व्यवसायातल्या कुटुंबाच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये हे स्पष्ट केलं: संमतीच्या हुकूमनाम्यात हमी असेल, तर दरखास्तीचा मार्ग खुला असला तरी अवमानाची कारवाई होऊ शकते. म्हणून वकिलाने पुढे केलेल्या कागदावर ‘हमी’ हा शब्द दिसला की चष्मा लावा आणि शेवटपर्यंत वाचा.

तालुका आणि जिल्हा कोर्टांचं थोडक्यात. त्यांना स्वतःला या कायद्याखाली शिक्षा देता येत नाही. कलम १०खाली तो अधिकार उच्च न्यायालयाचा. पण बांधावरच्या मनाई हुकमासाठी मुंबई, औरंगाबाद किंवा नागपूर गाठायची गरज नाही. कोल्हापूरला ऑगस्ट २०२५ पासून सर्किट बेंच सुरू झालं म्हणून उठसूट तिकडे धावायचीही नाही. तूर्तातूर्त मनाई मोडली, तर त्याच कोर्टात ऑर्डर ३९ नियम २-अ खाली अर्ज करा. मालमत्ता जप्त होऊ शकते आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद. फक्त पंचनामा, तारीखवार फोटो, तलाठ्याचा किंवा कोर्ट कमिशनरचा अहवाल, असं काहीतरी हातात पाहिजे. ‘त्याने रात्री बांध कोरला’ हे नुसतं सांगून भागत नाही.

शिक्षा किती? सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. हे दोन हजार १९७१चे आहेत, आणि कुणालाही ते वाढवावेसे वाटलेले नाहीत. कल्याणसिंह मुख्यमंत्री असताना अयोध्येत जुलै १९९२ मध्ये आदेशाविरुद्ध चबुतऱ्याचं बांधकाम झालं, त्याबद्दल १९९४ मध्ये शिक्षा झाली ती एक दिवस कैद आणि दोन हजार दंड. सर्वोच्च न्यायालयाचा अधिकार मात्र राज्यघटनेच्या कलम १२९मधून येतो. २०१९ मध्ये सीबीआयच्या एम. नागेश्वर राव यांनी मुझफ्फरपूर आश्रयगृहाच्या तपासातल्या अधिकाऱ्याची कोर्टाचा आदेश डावलून बदली केली, तेव्हा त्यांना कोर्ट उठेपर्यंत कोपऱ्यात बसवलं आणि एक लाख दंड केला. माझ्या मते तुरुंगापेक्षा ते कोपऱ्यात बसणं जास्त लागतं. दंड वाढवा अशी मागणी मी करणार नाही, कारण सरकारी दंड शेवटी तुमच्या-माझ्या करातून जातो. तो अधिकाऱ्याच्या पगारातून वसूल झाला पाहिजे, ही माझी मागणी आहे, आणि काही हुकमांत न्यायालयं तसं म्हणतातही.

याची दुसरी बाजूही आहे. सचिवांना उठसूट कोर्टात उभं करायची पद्धत मला आवडत नाही. एक सचिव दिवसभर व्हरांड्यात बसला की त्या दिवशी शंभर फायली थांबतात, आणि त्यांतली एखादी दुसऱ्या कुणा शिक्षिकेची असते. सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२४ मध्ये, अलाहाबादच्या एका प्रकरणात, याबद्दल कार्यपद्धती घालून दिली: शक्यतो आधी व्हिडिओवरून हजेरी, कारण लिहून बोलवा, आणि अधिकाऱ्याच्या कपड्यांवर शेरे मारू नका. ही शेवटची सूचना लिहावी लागली, यातच आलं सगळं.

चिठ्ठ्या पुष्कळ आल्या आहेत, तीन-चार घेतो.

‘बिल्डरविरुद्ध महारेराचा हुकूम आहे, अवमान करता येईल का?’ नका करू. तिथे रेरा कायद्याच्या कलम ४०खाली वसुली वॉरंट निघतं, जिल्हाधिकाऱ्यांकडे जातं, आणि जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते. खरा अडथळा तहसील कार्यालयात असतो. वॉरंट तिथे पोहोचलं का, कुठल्या टेबलावर आहे, बिल्डरच्या कुठल्या मालमत्तेचा सातबारा किंवा प्रॉपर्टी कार्ड तुम्ही जोडलं, हे बघा. मालमत्तेची यादी तुम्ही दिली नाहीत तर कुणी शोधायला जाणार नाही.

‘ग्राहक आयोगाचा हुकूम.’ २०१९च्या कायद्याचं कलम ७२. एक महिन्यापासून तीन वर्षांपर्यंत कैद, किंवा पंचवीस हजारांपासून एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही. उच्च न्यायालयाच्या अवमानापेक्षा कडक आहे हे. वापरा.

‘अवमान याचिका फेटाळली गेली तर अपील?’ नाही. अवमान कायद्याच्या कलम १९खालचं अपील शिक्षा झालेल्याला आहे, तुम्हाला नाही. तुम्हाला थेट सर्वोच्च न्यायालयात विशेष परवानगीची याचिका, आणि तिथे अशा याचिका टिकणं अवघड.

शेवटची चिठ्ठी, अक्षर नीटसं लागत नाही, पण प्रश्न असा दिसतो: हुकूम २०२२चा आहे, सहा आठवड्यांची मुदत होती, अजून काही झालेलं नाही, आता काय? कलम २०ची मुदत एक वर्ष. ती हुकमाच्या तारखेपासून धरायची नाही, अवमान घडला त्या दिवसापासून धरायची, म्हणजे तुमचे सहा आठवडे संपले तिथून. ते वर्ष गेलं. ‘हा सततचा अवमान आहे’ असा युक्तिवाद काही वकील करतात, पण त्यावर विसंबू नका; न पाळलेला प्रत्येक हुकूम सततचा अवमान ठरत नाही. तुमचा मूळ हक्क त्यामुळे मेलेला नाही. हुकूम घेऊन या, त्यात नेमकं काय लिहिलं आहे ते आधी पाहू. पैशाचा असेल तर वसुलीचा मार्ग बघू, नाहीतर आदेशाची अंमलबजावणी मागणारी नवी याचिका करता येते का ते बघू. मी अजून अर्धा तास इथेच आहे.